खोटा गोटीराम

आयुष्यभर पेपरात रात्रपाळी केलेल्या माणसाला दुपारची झोप किती प्यारी असते, हे सांगून कळायचं नाही. घणसोलीत राहायला आलो त्याच महिन्यात एका दुपारी बेल वाजली आणि माझ्या झोपेचं खोबरं झालं. दार उघडलं तर पांढराशुभ्र शर्ट, कपाळाला गंध आणि हातात स्टीलची ताटली घेतलेले एक गृहस्थ उभे. ताटलीत हळदीनं पिवळे केलेले तांदूळ. त्यांच्यामागे रडकुंडीला आलेला आमचा वॉचमन.

"साहेब, मी किती सांगितलं, गेटवर सांगा, मी फोन करतो, तर ऐकतच नाहीत," वॉचमन म्हणाला.

"आवतन हाय," गृहस्थ म्हणाले. "परवा हलद, तेरवा लगीन. सगल्यांनी याचा."

"कोणाचं लग्न?"

"ज्याच्या शेतावर तुमची ही बिल्डिंग उभी हाय ना, त्याच्या पोराचा."

"मी त्यांना ओळखत नाही," मी म्हणालो. आवाजात असेल नसेल तेवढा तिरसटपणा होता. "खाली बोर्डावर कागद लावला असता तरी चाललं असतं."

ते हसले. "गेटावर सांगलेला आवतन घराला लागत नाय, साहेब. दाराशी यावा लागता." एवढं बोलून त्यांनी माझ्या हातावर चार दाणे ठेवले आणि तिथंच उभे राहिले. जाईनात. मला वाटलं यांना आता काही द्यायचं असतं की काय. मग माझी बायको उज्वला आतून आली. ती साताऱ्याकडची, गावात वाढलेली, तिला लगेच उमगलं. "येतो म्हणून सांगा," ती म्हणाली. तेव्हा कुठे ते शेजारच्या दाराकडे वळले.

हा गोटीराम. आमच्या सोसायटीच्या भिंतीला लागून तळवली गाव सुरू होतं, तिथला. त्याचा बाप गावाची आवतणं द्यायचा, बापानंतर हा देऊ लागला. गावात लग्न असो, हळद असो, बारसं असो, नाहीतर कोणी गेलेलं असो, ते घरोघर जाऊन सांगायचं हे त्याचं काम. मीठ पिकवणारी, भात लावणारी ही माणसं आता चाळी बांधून भाडं खातात, पोरं कंपन्यांत जातात, पण आवतण मात्र दाराशीच यायला हवं. एक घर चुकलं की पुढची दहा वर्षं त्या घराचं तोंड वाकडं.

हळूहळू आमची गट्टी जमली. मी तोंडाचा फटकळ आणि तो मनाचा गोड, त्यामुळे भांडणाला वावच नव्हता. संध्याकाळी तो चहाला यायचा, येताना पुतळावहिनींनी, म्हणजे त्याच्या बायकोनं, भाजलेली सुकट किंवा वाल आणायचा. एकदा मी त्याला विचारलं, की दार उघडून बोलावणं सांगितल्यावर तू तिथंच का उभा राहतोस.

"जबाब न्यायला," तो म्हणाला. "आवतन म्हंजे नुसता जानं नाय. जाऊन परत येनं हाय. कोन बोलतो येतो, कोन बोलतो मागच्या टायमाला आमचा मान राखला नाय, त्याला सोताला पाठव. ता सगला घेऊन मी त्या घरी परत जातंव."

"म्हणजे भांडणं पण तूच पोचवतोस."

"जसा हाय तसा पोचवतंव. निरोपात मीठ टाकायचा नाय नि काढायचा पन नाय. बापानं शिकवलेला हाय."

मी आयुष्यभर डेस्कवर बसून दुसऱ्यांच्या बातम्यांतलं मीठ काढलेलं. मला हे तत्त्व फार आवडलं. या माणसाशी आपलं गोत्र जुळतं असं वाटलं.

मग करोनाची ती बंदी आली. घराबाहेर पडायचं नाही, कोणाच्या दाराशी जायचं नाही. गावात माणसं जात होती आणि ती गेल्याचं सांगायला कोणी जाऊ शकत नव्हतं. गोटीराम वेडापिसा झाला. शेवटी त्यानं मोबाइल उचलला, स्वतःचं तोंड त्यात दिसतंय का ते बघितलं आणि जे दाराशी सांगायचा ते फोनला सांगू लागला. तिथून 'तळवली आवतन' सुरू झालं. आधी गावाचा ग्रुप, मग यूट्यूबचं चॅनेल.

ते चॅनेल मी रोज बघायचो आणि रोज चिडायचो. गोटीराम फोन इतका जवळ धरी की पडद्यावर अर्धं कपाळ आणि एक भुवई दिसे. पाणी कधी येणार नाही, कोणाची बकरी हरवली, टेनिस बॉलच्या मॅचमध्ये कोण जिंकलं, खाडीत आज कोणतं म्हावरं लागलं, हे सगळं तो एकाच आवाजात सांगायचा. हळदीला गेला की हजर असलेल्या प्रत्येकाचं नाव घ्यायचा. त्यात बातमी संपून जायची, नावं संपायची नाहीत. आणि शेवटी बापाचंच जुनं वाक्य असायचं, "आयकलेल्यानी न आयकलेल्याला सांगावा."

पण लोकांचा जीव त्याच्यावर. तळवली सोडून कामोठ्याला, खारघरला फ्लॅट घेतलेले गावकरी सकाळी चहाबरोबर गोटीरामला ऐकत. मोठ्या चॅनेलवर सूटबूट घातलेले लोक दिवसभर ओरडत असतात, त्यांच्यापेक्षा हा अर्ध्या कपाळाचा माणूस मलाही बरा वाटायचा. निदान हा सांगतो ती बकरी खरोखर हरवलेली असायची.

एका गोष्टीवरून मात्र आमचं वाजायचं. मी म्हणायचो, "गोटीराम, तू एकाचं ऐकतोस आणि सांगून मोकळा होतोस. पेपरात असं चालत नाही. ज्याच्याबद्दल सांगतोस त्याला आधी विचारायचं. दुसरी बाजू घ्यायची."

तो कपात बिस्किट बुडवत हसायचा. "पेपरवाल्याला विचारावा लागता साहेब, कारन तो गावातला नसता. मना कोनाला विचारायचा? मी सगल्यांना वलखतंव. नि माजा काय हाय त्यात? ज्याच्या घरचा निरोप, त्याची जबाबदारी. मी अमक्याच्या घरचा निरोप हाय असा सांगूनच देतंव ना?"

"उचलली जीभ लावली टाळ्याला," मी म्हणायचो.

"माजी नाय ना जीभ. त्यांचीच," तो म्हणायचा. मी उज्वलाला हाक मारून आणखी चहा मागायचो.

गेल्या उन्हाळ्यातली गोष्ट. गोटीरामच्या गल्लीतच गोजरा राहते. नवरा लवकर गेला, चाळीतल्या खोल्यांच्या भाड्यावर तिनं एकटीनं मुलगी शिकवली. मुलगी स्नेहल खारघरच्या एका कॉलेजात केमिस्ट्रीच्या लॅबमध्ये असिस्टंट. पोरगी हुशार, तोंडानं शांत, चालताना मान वर. या स्नेहलचं लग्न हरेशच्या मुलाशी ठरलं होतं. हरेश मूळचा तळवलीचाच, आता कामोठ्याला फ्लॅटमध्ये राहणारा. त्यामुळे दोन्ही घरांचं आवतण गोटीरामनंच दिलेलं. आमच्या दाराशी तांदूळ घेऊन आला तेव्हा त्याचा चेहरा असा फुललेला की जणू मुलगी त्याचीच. त्याला स्वतःला मूलबाळ नाही. स्नेहलच्या बारशाचं आवतणही आपणच दिल्याचं तो कोणालाही, न विचारता, सांगायचा.

लग्नाला थोडे दिवस असताना एका सकाळी उज्वला मेथी निवडत होती, शेजारी मोबाइल लावलेला. गोटीरामचा आवाज माझ्या कानावर येत होता, म्हणजे न ऐकता ऐकू येत होता. आणि मी पेपर खाली ठेवला.

"तलवलीच्या नि कामोठ्याच्या सगल्या घरांना कळवन्यात येता," तो म्हणत होता, "का हरेशच्या घरचा लगीन रद्द झालेला हाय. गोजराची स्नेहल, तिला फिट येतात, ता पोरीवाल्यांनी लपवून ठेवला, असा हरेशच्या घरचा निरोप हाय. दिलेला आवतन परत घेतलेला हाय. आयकलेल्यानी न आयकलेल्याला सांगावा."

मी चपला घातल्या आणि तसाच निघालो. वयानं आणि डॉक्टरांनी चिडू नका असं सांगितलेलं आहे, पण त्या दोघांचंही मी त्या दिवशी ऐकलं नाही.

गोटीराम ओट्यावर बसून भाकरी आणि बोंबलाचं कालवण खात होता. काम वेळेत पार पडल्याचं समाधान तोंडावर दिसत होतं. आवतण दिल्यावर लग्न मोडलं तर ते मागे घ्यायचं कामही आवतण देणाऱ्याचंच असतं. लोकांनी कापडचोपड घ्यायच्या आत, बाहेरगावचे पाहुणे निघायच्या आत, सगळीकडे पोचायला हवं. सकाळीच हरेशनं कामोठ्याला बोलावून निरोप दिला होता आणि गोटीरामनं तिथंच बिल्डिंगखाली उभं राहून तो फोनमध्ये सांगून टाकला होता.

"गोजराला विचारलंस?" मी दारातूनच विचारलं.

"तिला काय विचारायचा? तिच्याच पोरीचा लगीन, तिला ठावं हायच की."

"फिट येतात हे तिला ठाऊक आहे का, ते विचारलंस?"

त्याचा घास हातातच राहिला. पुतळावहिनी चुलीकडून उठून आल्या. मी काय काय बोललो ते आता सगळं आठवत नाही. एवढं आठवतं की आवाज चढलेला होता आणि गल्लीतली दारं उघडली होती. "तुझा बाप दाराशी जात होता," मी म्हणालो. "हरेशचा निरोप त्यानं आधी गोजराच्या दाराशी नेला असता. ती काय म्हणते ते ऐकून परत गेला असता. फोनवर तू फक्त जातोस गोटीराम, परत येतच नाहीस."

पुतळावहिनींनी त्याच्यासमोरचं ताट उचललं. "ऊठ," त्या म्हणाल्या. "आंगोदर तिच्या घरी जा."

गोजराचं दार बंद होतं. बऱ्याच वेळानं उघडलं. ती ओरडली असती तर बरं झालं असतं. "फिट?" ती म्हणाली. "माज्या पोरीला कवा आली रं फिट? तू तिला अंगाखांद्यावर खेलवलास, तुना दिसली का कवा?"

मग खरं काय ते कळलं. साखरपुड्याला हरेशच्या घरच्यांनी स्नेहलची नोकरी चालू राहील असं कबूल केलं होतं. आवतणं फिरली, आता पोरगी कुठे जाते असं वाटल्यावर म्हणाले, लग्नानंतर कॉलेज बंद. स्नेहलनं सरळ सांगितलं, मग लग्नच नको. पोरीनं नकार दिला हे चारचौघांत सांगायची हरेशला लाज वाटली, म्हणून ही फिटची थाप. आणि ती गावभर पोचवायला आमचा प्रामाणिक माणूस मिळाला. मीठ न टाकता, मीठ न काढता.

गोटीरामनं तो व्हिडिओ काढून टाकला. त्याला वाटलं, संपलं. मी त्याला उज्वलाचा फोन दाखवला. तोच व्हिडिओ भावकीच्या ग्रुपवर होता, सोसायटीच्या ग्रुपवर होता, आणि कुठल्याशा पेजनं त्याला स्नेहलचा साखरपुड्यातला फोटो जोडून, खाली लाल अक्षरांत 'धक्कादायक' लिहून टाकला होता. हा 'धक्कादायक' शब्द मी नोकरीत असताना रोज रात्री खोडत असे. माझ्या माघारी तो असा मोकाट सुटलाय.

संध्याकाळी स्नेहल घरी आली ती पर्स खांद्यावर तशीच ठेवून उभी राहिली. तो व्हिडिओ कॉलेजात पोचला होता. एका विद्यार्थिनीच्या आईनं फोन करून विचारलं होतं, फिट येणाऱ्या बाईच्या हातात ॲसिडच्या बाटल्या कशा काय देता? प्राचार्य मॅडमनी स्नेहलला रजेवर जायला सांगितलं होतं. डॉक्टरांचा दाखला आणा, मग बघू.

म्हणजे बघा, ज्या नोकरीसाठी पोरीनं आवतणं फिरल्यावर लग्न परत पाठवलं, तीच नोकरी आता जायच्या बेतात होती. गोटीराम भिंतीला टेकून बसला होता. म्हणाला, "बाय, उद्याच जाऊन दाखला काडू. मी येतंव संगती."

"मी दाखला आणणार नाही," स्नेहल म्हणाली. आवाज अजिबात चढला नव्हता. "मला फिट येत नाहीत. आणि आल्या असत्या तरी त्यात लपवण्यासारखं काय होतं काका? खोटं तुम्ही बोललात. कागद मी का आणू?"

तिच्या बाजूनं उभं राहून टाळ्या वाजवाव्यात असं मला वाटलं. पण ती वेळ नव्हती.

दुसऱ्या दिवशी गोटीराम ताटलीत हळदीचे तांदूळ घेऊन निघाला. त्याचा हिशेब साधा होता. जिथं जिथं खोटं पोचलं, तिथं तिथं खरं पोचवायचं, आणि ते दाराशी. मला वाटलं, वा, आता कसा बोललास. त्याच्याबरोबर मीही चार दारं फिरलो. "आपल्या स्नेहलला फिट येतात असा मी सांगला, ता खोटा होता," तो सांगे, तांदूळ देई आणि जबाबासाठी उभा राही. कोणी हळहळत, कोणी हरेशला शिव्या देत.

पाचव्या की सहाव्या दाराशी एक म्हातारी होती. तिला मोबाइल कसा धरायचा तेही माहीत नसावं. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि तोंडाला पदर लावला. "अगो बाय, तिला फिट येतात? मना कोन बोल्लाच नाय."

"नाय येत गो, ताच तर सांगतंव."

"पन कायतरी असल, त्याबिगर का कोन बोलल?"

मागून पावलं वाजली. स्नेहल होती, चप्पलही न घालता धावत आलेली. "काका, थांबा," ती म्हणाली. "प्लीज, थांबा तुम्ही. या आजीला माहीत नव्हतं. ज्यांना माहीत नव्हतं त्यांनाही तुम्ही आता सांगत सुटलाय."

गोटीराम त्या पायरीवरच खाली बसला. ताटली मांडीवर घेऊन एखादं पोर बसतं तसा. मी पेपरात तीस-बत्तीस वर्षं काढली, रोज आतल्या पानाच्या कोपऱ्यात 'खुलासा' छापला, पण हा प्रश्न मला कधी पडला नव्हता. खुलासा म्हटलं की तीच गोष्ट पुन्हा सांगणं आलं. न सांगावं तर खोटं राहतं, सांगावं तर खोट्याला पुन्हा पाय फुटतात. मला काही सुचेना आणि मी चक्क गप्प बसलो. उज्वलाला सांगितलं तेव्हा तिचा विश्वास बसला नाही.

गोटीरामनं ताटलीतले तांदूळ हातानं सारखे केले. मग उठला, म्हातारीच्या पाया पडला आणि घरी निघून गेला. मला वाटलं, हरला बिचारा.

त्यानंतर 'तळवली आवतन'वर जो व्हिडिओ आला, तो मी आजही जपून ठेवला आहे. पहिल्यांदाच त्यानं फोन नीट लांब ठेवला होता. पूर्ण चेहरा दिसत होता.

"मी गोटीराम, तलवलीचा आवतनवाला," तो म्हणाला. "या आठवड्यान मी एका घराबद्दल खोटा बोल्लो. घराचा नाव घेत नाय. ज्यांनी आयकला त्यांनी समजावा का ता खोटा होता. ज्यांनी नाय आयकला त्यांनी विचारू नये. कोनी विचारला का काय झाला, तर एकच सांगावा. गोटीराम खोटा बोल्ला. न विचारता बोल्ला. आयकलेल्यानी न आयकलेल्याला एवढाच सांगावा."

आणि हेच घेऊन तो पुन्हा दारोदार निघाला. पोरीचं नाव नाही, घराचं नाव नाही, रोगाचं नाव नाही. फक्त स्वतःचं नाव. कामोठ्याच्या उंच बिल्डिंगांच्या गेटवर त्याला अडवत, ॲपवर परवानगी मागत. हा ऊन डोक्यावर घेऊन उभा राही, पण गेटवर सांगून परत फिरत नसे. ज्यानं तो 'धक्कादायक' फोटो टाकला होता तो पोरगा कोपरखैरण्याचा निघाला. त्याच्या दुकानात जाऊन गोटीराम काउंटरसमोर उभा राहिला आणि जबाबाची वाट बघू लागला. गिऱ्हाइकं येत होती, जात होती. शेवटी त्या पोरानं फोटो काढला. मला वाटतं पश्चात्तापापेक्षा कंटाळ्यानं काढला असेल, पण काढला.

हरेशच्या दाराशी गेला तेव्हा स्कूटरवर मागे मी होतो. हरेश दारातच म्हणाला, "गोटीदा, माझं नाव कुठे घ्यायचं नाही हां, सांगून ठेवतो."

"नाव मी कोनाचाच घेत नाय," गोटीराम म्हणाला. "तुजा निरोप परत आनलाय. त्या घरानं घेतला नाय. आता हा तुजा तुज्यापाशी ठेव."

त्यानं तांदळाचे चार दाणे उंबऱ्यावर ठेवले आणि आम्ही खाली उतरलो. लिफ्टमध्ये तो भिंतीला टेकला. मी त्याचा दंड धरला, तर म्हणतो कसा, "साहेब, तुमी पडाल, नीट उभे राहा."

शेवटी खारघर. प्राचार्य मॅडमनी आम्हाला बसायला सांगितलं. बाई वाईट नव्हत्या, घाबरलेल्या होत्या. म्हणाल्या, तुम्ही लेखी द्या, मी फाइलला लावते. गोटीराम म्हणाला, "मॅडम, मी फाइलीत नाय बोल्लो. पोरांनी जिथं आयकला तिथं मना बोलू द्या." त्यांनी बरीच टाळाटाळ केली. मग मीच जरा आवाज लावला. म्हटलं, मी आयुष्यभर पेपरात काढलंय, तुमच्या कॉलेजनं ऐकीव व्हिडिओवरून एका मुलीला घरी बसवलं ही बातमी मला आजही लिहिता येते. गोटीरामनं माझ्याकडे इतक्या रागानं पाहिलं की मी ओशाळलो. "साहेब," तो म्हणाला, "आता तुमी नका सुरू करू."

लॅबमध्ये पोरं जमली. हात पाठीमागे बांधून तो उभा राहिला. ॲसिडचा वास त्याला सोसत नसावा, डोळ्यांतून पाणी येत होतं. "तुमच्या बायनी माज्या डोल्यापुढं जनम घेतला," तो म्हणाला. "तिला फिटबिट कवाच नाय आली. खोटा बोल्लो तो मी. बोट दावायचा तर माज्याकडं दावा." पोरांचे मोबाइल वर झालेलेच होते. कोणीतरी हसलं. मग सगळी हसली आणि त्यातल्या एका पोरीनं टाळी वाजवली. मॅडम दाराशी उभ्या होत्या. त्यांनी दाखल्याचं नाव पुन्हा काढलं नाही. सोमवारपासून स्नेहल कामावर हजर झाली.

पोरांनी काढलेला व्हिडिओ मात्र वाऱ्यासारखा पसरला. मूळ खोट्यापेक्षाही लांब गेला, कारण त्यात गंमत होती. पांढऱ्या शर्टातला माणूस स्वतःकडे बोट दाखवून म्हणतोय, मी खोटा. त्याला गाणी जोडली, ढोल जोडले. तळवलीची पोरं त्याला रस्त्यात 'खोटा गोटीराम' म्हणून हाका मारू लागली. मी एका पोराचा कान पिरगाळायला गेलो तर गोटीरामनं मला अडवलं. "बोलू दे," तो म्हणाला. "माजा बोलतात तवर तिचा नाय ना बोलत."

मला त्या क्षणी त्याचा इतका अभिमान वाटला की मी त्याला 'गाढवा' म्हणालो. मला दुसरं काही जमत नाही.

पण नावाची किंमत असते. निरोप्याचा शब्दच खोटा ठरला तर त्याला कोण निरोप देणार? तुळशीची लग्नं झाली, मुहूर्त लागले आणि गोटीरामच्या दाराशी कोणी आलं नाही. लोक ग्रुपवर पत्रिका टाकू लागले. कोणी कुरिअरनं पाठवल्या. त्याच्याशी कोणी वाईट वागलं नाही, चहा पाजत होते, चेष्टा करत होते, पण आवतणाचं काम देत नव्हते. चॅनेलवर तो अजून पाणी आणि बकऱ्या सांगायचा, प्रत्येक गोष्टीआधी "विचारून आलोय" असं म्हणायचा. ताटली पुतळावहिनींनी घासून मांडणीवर उपडी ठेवली होती. मी गेलो की त्या तिच्याकडे बघायच्या आणि मी त्यांच्याकडे बघायचं टाळायचो.

मागच्या रविवारी सकाळी मी तळवलीला केस कापायला गेलो होतो. गळ्याभोवती कापड, मान खाली, समोरच्या आरशात रस्ता दिसत होता. त्या रस्त्यानं गोटीराम येत होता. शर्ट कडक इस्त्रीचा, हातात ताटली. आणि त्याच्या शेजारी स्नेहल. गोजरानं घरावर एक मजला चढवलाय, त्याची वास्तुशांत आहे. पत्रिका नाही, ग्रुप नाही. त्या घरानं गोटीरामला बोलावलं होतं.

सलूनसमोरच्याच दाराशी ते थांबले. त्या घरातली बाई जिभेची तिखट. स्नेहलचा फोटो पहिल्यांदा भावकीत कोणी फिरवला हे गावात सगळ्यांना माहीत आहे. तिनं दार उघडलं, गोटीरामला बघितलं आणि शेजाऱ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं, "काय रं गोटीराम, खरा का खोटा आवतन आनलास?"

न्हाव्याची कात्री थांबली. गोटीरामचा हात ताटलीत होता, तो तिथंच राहिला.

स्नेहल एक पायरी वर चढली. मान नेहमीसारखी वर. "मावशी, खरं आहे," ती म्हणाली. "काका सांगतात ते खरं आहे. मी सांगते ना."

बाई तिच्याकडे बघत राहिली. गेल्या उन्हाळ्यापासून तिनं स्नेहलच्या तोंडाकडे एकदाही पाहिलं नसावं. मग तिनं पदर पुढे केला. गोटीरामनं त्यात तांदूळ घातले. दोघंही जबाबासाठी उभे राहिले.

"येते गो बाय," बाई म्हणाली. ते ती स्नेहलला म्हणाली.

गोटीरामनं मान हलवली आणि ती दोघं पुढच्या दाराकडे गेली.